रोजंदारी ते कायम सेवा : हजेरीपट, कायमपण आणि सेवाज्येष्ठता

पावसाळ्यात घाटातील दरड हटविणारा मजूर, कालव्याच्या भरावावरील झुडपे तोडणारा मजूर, वन विभागाच्या रोपवाटिकेत मातीच्या पिशव्या भरणारी स्त्री, शासकीय विश्रामगृहाच्या बागेला पाणी घालणारा माळी, ही सारी मंडळी शासनाचेच काम करीत असतात. तथापि त्यांतील अनेकांची नावे कोणत्याही वेतनपटावर नसतात. ती असतात हजेरीपटावर. दिवस भरला तर मजुरी, न भरला तर काहीच नाही, हा या नोकरीचा साधा नियम होय. अशा रीतीने दहा, पंधरा, कधी पंचवीस वर्षे लोटली की दोन प्रश्न उभे राहतात. मी कायम केव्हा होणार, हा पहिला. आणि कायम झाल्यावर माझी ज्येष्ठता कोणत्या दिवसापासून धरणार, हा दुसरा.

हे दोन प्रश्न बहुधा एकच समजले जातात आणि तेथेच पुष्कळ गैरसमजांचे मूळ आहे. नोकरीची वर्षे, कायमपण आणि सेवाज्येष्ठता या तीन वेगवेगळ्या गोष्टी आहेत. एकीवरून दुसरी आपोआप सिद्ध होत नाही. या तिन्ही गोष्टींचा उलगडा करणे आणि महाराष्ट्रात त्यांची वाटचाल कशी झाली हे पाहणे, हा या लेखाचा हेतू आहे.

हजेरीपटावरचा माणूस

शासकीय कामावरील मनुष्यबळाचे स्थूलमानाने तीन प्रकार पूर्वापार चालत आले आहेत. पहिला प्रकार नियमित आस्थापनेचा. येथे पद मंजूर असते, भरतीचे नियम असतात, वेतनश्रेणी असते व प्रत्येकाचे सेवापुस्तक असते. दुसरा प्रकार कार्यव्ययी आस्थापनेचा. यात नेमलेल्या माणसाचा खर्च त्या त्या बांधकामावर टाकला जातो. तिसरा प्रकार रोजंदारीचा. रोजंदारी मजुराची मजुरी कामाच्या अंदाजपत्रकातून भागविली जाते. त्याच्यासाठी पद निर्माण केलेले नसते, म्हणून ते रिक्तही होत नाही.

या व्यवस्थेमागे एक विचार होता. धरणाचे काम पाच वर्षांत संपेल, रस्ता दोन वर्षांत पुरा होईल, मग त्यावरील माणसांना आयुष्यभर पोसण्याची जबाबदारी शासनाने का घ्यावी? काम खरोखरच तात्पुरते असेल तर हा विचार चुकीचा नाही. परंतु रस्ता बांधून झाला तरी त्याची देखभाल संपत नाही, धरण पुरे झाले तरी कालवा वाहतच राहतो, आणि रोपवाटिकेत दर वर्षी नवी रोपे करावीच लागतात. काम कायमचे आणि कामगार मात्र तात्पुरता, अशी विसंगती यातून निर्माण झाली. पुढील सर्व करार, कायदे व न्यायनिर्णय या एकाच विसंगतीभोवती फिरताना दिसतात.

कालेलकर निवाडा : एक मधला मार्ग

महाराष्ट्र राज्य स्थापन झाल्यावर रस्ते, इमारती व पाटबंधारे यांची कामे मोठ्या प्रमाणावर हाती घेण्यात आली आणि त्यांवरील रोजंदारी मजुरांची संख्याही वाढली. त्यांच्या मागण्यांच्या संदर्भात १९६७ साली जो निवाडा झाला, तो कालेलकर निवाडा म्हणून ओळखला जातो. कामगारांमध्ये तो ‘कालेलकर करार’ या नावाने अधिक परिचित आहे. पाच वर्षे सलग सेवा झालेल्या रोजंदारी कामगारास रूपांतरित अस्थायी आस्थापनेवर घ्यावे, हे त्याचे मुख्य सूत्र होते.

‘रूपांतरित’ हा शब्द येथे ध्यानात घेण्यासारखा आहे. या आस्थापनेवर आलेला कामगार रोजंदारीतून बाहेर पडला, त्याला मासिक वेतन व सेवेचे लाभ मिळू लागले, परंतु तो नियमित आस्थापनेच्या मूळ संवर्गात मिसळला नाही. त्याचा एक स्वतंत्र वर्ग झाला. कायमपणाकडे टाकलेले ते मोठे पाऊल होते यात शंका नाही; पण कायमपण मिळाले म्हणजे नियमित संवर्गातील ज्येष्ठताही मिळाली, असे मात्र नव्हे. सार्वजनिक बांधकाम व पाटबंधारे या खात्यांतील हजारो घरांत या निवाड्याने स्थैर्य आणले, हे त्याचे श्रेय निर्विवाद आहे.

१९७१ चा अधिनियम आणि वनमजूर

यानंतरचा महत्त्वाचा टप्पा म्हणजे महाराष्ट्र कामगार संघांना मान्यता देण्याबाबत व अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करण्याबाबत अधिनियम, १९७१. या अधिनियमाच्या चौथ्या अनुसूचीत मालकांकडून होणाऱ्या अनुचित प्रथांची यादी आहे. तिच्या सहाव्या बाबीचा आशय असा की, कामगारांना बदली, नैमित्तिक किंवा तात्पुरते म्हणून नेमणे आणि कायम कामगारांचा दर्जा व लाभ त्यांना मिळू नयेत या हेतूने वर्षानुवर्षे तसेच ठेवणे, ही अनुचित प्रथा होय. ‘वर्षानुवर्षे’ आणि ‘हेतूने’ हे दोन शब्द या बाबीचा प्राण आहेत.

ही बाब शासनाच्या खात्यास लागू होते काय, हा प्रश्न वन विभागाच्या मजुरांनी न्यायालयात नेला. पुण्याजवळील पाचगाव पर्वती येथील वनोद्यानाचे काम आणि तत्कालीन अहमदनगर, म्हणजे आजच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील सामाजिक वनीकरणाचे काम, या दोन्ही ठिकाणी हे मजूर पाच-सहा वर्षे राबत होते. डिसेंबर १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मजुरांच्या बाजूने निर्णय दिला. अशी वनीकरणाची योजना ही राज्याच्या सार्वभौम कार्यात मोडत नाही, ती ‘उद्योग’ या संज्ञेत येते, आणि इतक्या वर्षांच्या तात्पुरतेपणावरून मालकाचा हेतू अनुमानता येतो, असे न्यायालयाने धरले.

त्यानंतर लवकरच, ३१ जानेवारी १९९६ रोजी, राज्य शासनाने निर्णय काढून १ नोव्हेंबर १९९४ पर्यंत पाच वर्षे, प्रतिवर्षी किमान २४० दिवस काम केलेल्या वनमजुरांना कायम करण्याचे ठरविले. त्यांच्यासाठी अधिसंख्य पदे निर्माण करण्यात आली. पुढे १६ ऑक्टोबर २०१२ च्या शासन निर्णयाने त्यानंतरच्या, ३० जून २००४ पर्यंतच्या काळातील पात्र मजुरांचाही विचार झाला. अधिसंख्य पद म्हणजे मंजूर आकृतिबंधाहून जादा, व्यक्तीपुरते निर्माण केलेले पद. ती व्यक्ती सेवेतून गेली की पदही संपते. माणसाला न्याय मिळतो आणि खात्याचा आकृतिबंध कायमचा वाढत नाही, असा हा तोडगा आहे. त्याची मर्यादा अशी की, पद संपले तरी काम उरतेच, आणि त्या कामावर पुन्हा नवा रोजंदार येण्याची शक्यता राहते.

हजेरी मांडणाऱ्यांचीच हजेरी

याच काळातील आणखी एक उदाहरण बोधप्रद आहे. १९७२ च्या दुष्काळाच्या सुमारास सुरू झालेल्या रोजगार हमी योजनेला १९७७ च्या अधिनियमाने कायद्याचा आधार मिळाला व २६ जानेवारी १९७९ पासून तो अंमलात आला. या कामांवरील मजुरांची नोंद ठेवण्यासाठी हजेरी सहायक नेमण्यात आले. दुसऱ्यांच्या हजेऱ्या मांडणारे हे सहायक स्वतः मात्र तात्पुरतेच राहिले. ३१ मे १९९३ रोजी कामावर असलेल्या हजेरी सहायकांना शासकीय सेवेत टप्प्याटप्प्याने सामावून घेण्याचे शासनाने पुढे ठरविले. पण सामावून घेण्यापूर्वीची सेवा निवृत्तिवेतनासाठी धरावी की नाही, हा प्रश्न त्यानंतरही न्यायालयांसमोर येत राहिला. कायमपण मिळाल्यावर मागील वर्षांचे काय, हा दुसरा प्रश्न किती चिवट असतो, हे यावरून कळून येते.

दोनशे चाळीस दिवसांचा हिशेब

‘दोनशे चाळीस दिवस भरले की माणूस कायम होतो,’ अशी एक सार्वत्रिक समजूत आहे. ती जशीच्या तशी खरी नाही. औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ नुसार बारा महिन्यांत २४० दिवस प्रत्यक्ष काम केलेल्या कामगाराची सेवा सलग एक वर्षाची मानली जात असे. त्याचा लाभ असा की, सूचना व भरपाई दिल्याखेरीज त्याला कामावरून कमी करता येत नसे. म्हणजे हे संरक्षण कपातीपासूनचे होते, ते कायमपण नव्हते. २१ नोव्हेंबर २०२५ रोजी औद्योगिक संबंध संहिता, २०२० अंमलात आली व १९४७ चा अधिनियम इतिहासजमा झाला. तथापि २४० दिवसांची कसोटी, शेवटी आलेल्यास आधी कमी करावे हे तत्त्व आणि वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवणे ही अनुचित प्रथा होय हा विचार, या तिन्ही गोष्टी संहितेतही आहेत.

कायमपणासाठी २४० दिवस उपयोगी पडतात ते एखादा करार, शासन निर्णय किंवा स्थायी आदेश तसे म्हणत असेल तेव्हा. मग एकेका दिवसाला मोल येते. समजा, एखाद्या योजनेत सलग पाच वर्षे, दर वर्षी २४० दिवस अशी अट आहे. एका मजुराने चार वर्षे प्रत्येकी २६० दिवस काम केले, परंतु पाचव्या वर्षी आजारपणामुळे त्याचे २३२ दिवसच भरले. त्याचे एकूण दिवस होतात १,२७२. दुसऱ्याने पाचही वर्षे बरोबर २४० दिवस काम केले. त्याचे एकूण दिवस १,२००. एकूण ७२ दिवस अधिक काम करूनही पहिला मजूर अपात्र ठरतो व दुसरा पात्र. अटींचे हे स्वरूप कठोर वाटले तरी ते आधी ठाऊक असणे आवश्यक आहे.

दिवस मोजताना कोणते दिवस धरावयाचे, याविषयीही सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली खुलासा केला आहे. ज्या रविवारांचे व सुट्यांचे वेतन कामगारास मिळाले, ते दिवस २४० मध्ये मोजले पाहिजेत. याउलट, २४० दिवस काम केले हे सिद्ध करण्याची जबाबदारी प्रथमतः कामगारावर आहे, केवळ त्याचे शपथपत्र पुरेसे नाही, असे न्यायालयाने २००२ साली कर्नाटकातील वन खात्याच्या एका प्रकरणात म्हटले. पुढे २००५ साली कर्नाटकातीलच दुसऱ्या प्रकरणात या तत्त्वाला पूरक असे स्पष्टीकरण मिळाले. रोजंदार मजुराजवळ नेमणूक आदेश नसतो की वेतनचिठ्ठी नसते. म्हणून कार्यालयाकडील हजेरीपट हजर करावेत अशी मागणी तो करू शकतो, आणि मागूनही ते हजर झाले नाहीत तर न्यायालयास परिस्थिती पाहून निष्कर्ष काढता येतो. सारांश, वादाचे तराजू शेवटी हजेरीपटापाशी येऊन थांबतात.

२००६ चा निर्णय आणि न्यायाची दुसरी बाजू

१० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने दिलेला ‘उमादेवी’ प्रकरणातील निर्णय हा या विषयातील मैलाचा दगड होय. प्रकरण कर्नाटकातील वाणिज्य कर विभागाच्या रोजंदारी कर्मचाऱ्यांचे व तत्सम इतरांचे होते. शासकीय नोकरीचे दार सर्वांना सारखे उघडे असले पाहिजे. जाहिरात, स्पर्धा व आरक्षण यांना वळसा घालून मागील दाराने आलेल्यास केवळ दीर्घ सेवेच्या बळावर कायम होण्याचा हक्क सांगता येणार नाही, असे घटनापीठाने ठरविले. या मताकडे सहानुभूतीने पाहिले पाहिजे. सेवायोजन कार्यालयात नाव नोंदवून वर्षानुवर्षे वाट पाहणारा खेड्यातील तरुण हाही न्यायाचा तितकाच धनी असतो.

त्याच निर्णयात घटनापीठाने एक अपवाद ठेवला. मंजूर रिक्त पदावर, पात्रता असलेल्या व्यक्तीची नेमणूक झाली, पण प्रक्रियेत उणीव राहिली, अशी नेमणूक ‘अनियमित’ असते. ती ‘बेकायदेशीर’ नेमणुकीहून वेगळी. अशा अनियमित नेमणुकीवर न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराविना दहा वर्षे वा अधिक काळ काम केलेल्यांना एकवेळची बाब म्हणून नियमित करण्यासाठी शासनांनी पावले उचलावीत, असे सांगण्यात आले.

महाराष्ट्राच्या दृष्टीने यानंतरचा २००९ चा निर्णय विशेष महत्त्वाचा आहे. राज्य परिवहन महामंडळाच्या बसगाड्यांची सफाई करणाऱ्या कामगारांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, अनुचित प्रथा सिद्ध झाली आणि पदे अस्तित्वात असली, तर १९७१ च्या अधिनियमाखाली औद्योगिक न्यायालयास कायमपणाचा आदेश देण्याचा जो अधिकार आहे, तो २००६ च्या निर्णयाने हिरावलेला नाही. वेतनाबाबत २६ ऑक्टोबर २०१६ च्या निर्णयाने, नियमित कर्मचाऱ्यासारखेच काम करणाऱ्या तात्पुरत्या कर्मचाऱ्यास त्या पदाच्या वेतनश्रेणीतील किमान वेतन मिळाले पाहिजे, असे सांगितले. केंद्रीय जल आयोगातील सफाई व बागकाम करणाऱ्यांच्या प्रकरणात, २० डिसेंबर २०२४ रोजी, २००६ च्या निर्णयाचा वापर दीर्घकाळ नियमित स्वरूपाचे काम करणाऱ्यांविरुद्ध शस्त्रासारखा करता येणार नाही, असे मत न्यायालयाने नोंदविले. १९ ऑगस्ट २०२५ च्या उत्तर प्रदेशातील प्रकरणात तर राज्य हे सामान्य मालक नसून संविधानाने बांधलेले मालक आहे, केवळ पैशाची अडचण सांगून त्याला सुटता येणार नाही, असे म्हणून अधिसंख्य पदे निर्माण करण्याचे निर्देश देण्यात आले.

ज्येष्ठता कोणत्या दिवसापासून?

आता दुसऱ्या प्रश्नाकडे वळू. महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियम प्रथम १९८२ साली व नंतर नव्याने २०२१ साली करण्यात आले. संवर्गातील सलग सेवेचा कालावधी हा ज्येष्ठतेचा सर्वसाधारण आधार होय. तथापि नियमानुसार भरती होईपर्यंत केलेली तात्पुरती सोय म्हणून मिळालेल्या नेमणुकीचा काळ १९८२ च्या नियमांनी ज्येष्ठतेतून वगळला होता.

या बाबतीतले मूलभूत तत्त्व महाराष्ट्राच्याच पाटबंधारे खात्यातील अभियंत्यांच्या प्रकरणात, २ मे १९९० रोजी, घटनापीठाने सांगितले. नियमानुसार नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या दिनांकापासून धरावी, स्थायी केल्याच्या दिनांकापासून नव्हे. परंतु सुरुवातीची नेमणूक नियमाबाहेरची व केवळ वेळ भागविण्यापुरती असेल, तर तो काळ ज्येष्ठतेसाठी धरता येणार नाही. प्रकरण अधिकाऱ्यांचे असले तरी तत्त्व शिपायापासून अभियंत्यापर्यंत सर्वांना उपयोगी आहे.

हे तत्त्व रोजंदारीला लावले की कटू वाटणारा, पण समजून घ्यावा असा निष्कर्ष निघतो. पंधरा वर्षे हजेरीपटावर काढलेला मजूर आज नियमित झाला, तर नियमित संवर्गात तो सर्वसाधारणपणे आजचा ठरतो. मागील तारखेपासून ज्येष्ठता द्यावयाची असेल तर संबंधित निर्णयात किंवा न्यायालयाच्या आदेशात तसे स्पष्ट म्हटलेले असावे लागते. कारण त्याला मागील तारीख दिली, तर मधल्या काळात रीतसर भरती झालेले कर्मचारी खाली ढकलले जातात, आणि त्यांचाही काही दोष नसतो.

तरीही रोजंदारीच्या वर्षांची ज्येष्ठता व्यर्थ नसते. रोजंदारांची आपसांतील ज्येष्ठता यादी हा वेगळा व मोलाचा दस्तऐवज आहे. काम कमी झाले तर कोणाला आधी थांबवावयाचे, पुन्हा काम निघाले तर कोणाला आधी बोलवावयाचे, आणि मोजकीच पदे उपलब्ध झाली तर प्रथम कोणाला सामावून घ्यावयाचे, हे ही यादी ठरविते. मुकादमाच्या मर्जीवर जे चालू शकते, ते यादीमुळे नियमाखाली येते.

तारखेवर अवलंबून असलेले म्हातारपण

नियमित नेमणुकीच्या तारखेचा सर्वांत मोठा परिणाम उतारवयात जाणवतो. राज्याच्या १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांनुसार निवृत्तिवेतनासाठी किमान दहा वर्षांची अर्हताकारी सेवा लागते. पन्नाशी उलटल्यावर नियमित झालेल्या मजुराची तेवढी सेवा निवृत्तीपर्यंत भरतेच असे नाही. त्यातच १ नोव्हेंबर २००५ रोजी वा त्यानंतर नियुक्त झालेल्यांना सर्वसाधारणपणे अंशदानावर आधारित योजना लागू झाली. परिणामी, एकाच रोपवाटिकेत एकाच वर्षी कामाला लागलेल्या दोघींपैकी एकीचा आदेश १९९६ चा व दुसरीचा २०१२ चा असेल, तर दोघींच्या वृद्धापकाळाचा आधारच भिन्न ठरू शकतो. घाम दोघींचा सारखाच; फरक पडला तो कागदावरील तारखेचा.

अभिलेख हाच आधार

म्हणूनच कार्यालयांनी काही गोष्टी कटाक्षाने पाळणे इष्ट आहे. हजेरीपट काम संपल्यावर रद्दीत न घालता, जोवर त्यावरील मजुरांचे दावे उद्भवू शकतात तोवर जपावेत. वर्षअखेर प्रत्येक मजुराच्या भरलेल्या दिवसांचा गोषवारा तयार करून त्यावर अधिकाऱ्याची स्वाक्षरी घ्यावी. ज्येष्ठता यादी प्रथम तात्पुरती लावावी, हरकती मागवाव्यात, त्या ऐकून अंतिम यादी फलकावर प्रसिद्ध करावी. एकाच व्यक्तीचे नाव सर्व हजेरीपटांवर एकाच पद्धतीने लिहावे. विशेषतः स्त्री मजुरांच्या बाबतीत एका वर्षी माहेरचे नाव, पुढील वर्षी सासरचे, असे झाले की एकाच स्त्रीची सेवा दोघींच्या नावे विभागली जाते आणि तिचे २४० दिवस कोठेच भरत नाहीत.

मजुरांनीही आपल्या परीने दक्ष राहावे. मजुरीच्या पावत्या, बँकेचे पासबुक, भविष्य निर्वाह निधीची नोंद, ओळखपत्र व जन्मतारखेचा पुरावा एका पिशवीत जपून ठेवावा. कामाचे ठिकाण व देखरेख करणाऱ्याचे नाव वहीत टिपावे. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ अन्वये हजेरीपटाच्या प्रती मागता येतात. त्या वाद उद्भवण्याची वाट न पाहता मागाव्यात. तात्पुरती ज्येष्ठता यादी लागली की ती वाचून किंवा वाचवून घ्यावी आणि चूक असल्यास मुदतीत लेखी हरकत द्यावी. हरकतीची पोच घेण्यास विसरू नये.

काम कायमचे आहे तेथे वेळीच पद निर्माण करणे आणि ते रीतसर भरणे, हाच या प्रश्नावरील खरा उपाय होय. त्यात आज रांगेत उभ्या असलेल्या तरुणालाही न्याय आहे आणि उद्याचा वादही टळतो. जे आधीच वर्षानुवर्षे राबले आहेत, त्यांच्या बाबतीत मात्र शासनाने स्वतःच्या हजेरीपटाला प्रामाणिक राहिले पाहिजे. त्या पटावरील प्रत्येक खूण म्हणजे कोणीतरी उन्हातान्हात राज्यासाठी घालविलेला एक दिवस आहे. तो दिवस नीट लिहिला जावा, नीट जपला जावा आणि योग्य वेळी मोजला जावा, एवढीच या मजुराची अपेक्षा आहे व ती रास्त आहे.